फिरत्या मेंढीची मुंडी

मुक्काम : मेंदू

तू आत्ता डाव्या बाजूला बसला आहेस. कवडी डावीकडे फिरते आहे, म्हणजे तू डावीकडे. एवढं मला आता कळतं.

कवडी आमची मेंढी. ज्वारी काढून नेलेल्या रानात, धसकटांत, ती एकटीच गोल फिरते आहे. कळप कधीचाच पुढं गेला. ती थांबते, मान तिरकी करून आभाळाकडे बघते आणि पुन्हा तोच गोल धरते. समोर पाण्याची पाटी आहे, तिला दिसत नाही. तिच्या खुरांनी काळ्या मातीत एक कडं उमटलंय.

आणि तू आत, तिच्या कवटीत, पाण्याच्या पिशवीत निवांत.

किड्याला शिव्या देऊन काय मिळतं, असं कुणी विचारेल. मला कुणाला तरी द्यायच्याच आहेत. घरच्या माणसांना देता येत नाहीत.

उद्या भावकीला मटणाचं जेवण आहे. माझ्या धाकट्या दिराचं, सिद्धूचं लग्न झालं. ऋतुजा घरात आली. सासऱ्यांनी, बिरप्पामामांनी, संध्याकाळी कळपावरून नजर फिरवली आणि कवडीकडे बोट केलं.

"ही तशीबी मरनारच. हिलाच घ्या."

मटणाला काही होत नाही, हे जनावरांच्या डॉक्टरांनीही मला सांगितलंय. पण मुंडी? एरवी मेंढीची मुंडी आमच्यात माणसं भांडून खातात. फिरत्या मेंढीची मुंडी मात्र माणसानं खायची नाही. अभद्र. ती राखणीच्या कुत्र्याची. आणि घरात नवी सून आली असेल, तर तिनं ती स्वतःच्या हातानं कुत्र्याला घालायची. म्हणजे कुत्रं तिला घरची मानतं.

तुला स्वतःला विचारलं असतं, तरी तू याहून चांगली सोय सांगितली नसतीस.


मुक्काम : कुत्र्याचं पोट

आमच्या कुत्र्याचं नाव ढाण्या. माझ्या लग्नात मी त्याला अशीच मुंडी घातली. हातावर मेंदी, अंगावर हळद, डोक्यावरून पदर, पुढ्यात परात. त्यानं आधी माझा हात चाटला. बायका म्हणाल्या, "घेतलं गं बाई तुला पदरात." मी हसले. मला बरं वाटलं होतं. नव्या घरात मला पहिल्यांदा कुणी जवळ केलं ते त्यानं.

तू त्या मुंडीत होतास. तिथून त्याच्या पोटात गेलास. आतड्याला डोकं चिकटवलंस आणि फितीसारखा लांब वाढलास.

त्याला काही केलं नाहीस तू. तो धावतो, भुंकतो, लांडग्याच्या अंगावर जातो. त्याला तू सांभाळतोस, कारण त्यानं रानोरान हिंडायला हवं. तो जिथं बसेल तिथं तुझी अंडी. मेंढीला मात्र

मेंढीचं पुढं सांगते.


मुक्काम : गवत

पावसाळ्यात गवत आलं. त्या गवतावर तू होतास, डोळ्याला न दिसणारा. मेंढ्यांनी गवत खाल्लं. तू त्यांच्या पोटातून रक्तात गेलास, रक्तातून फिरत फिरत मेंदूत. जे मेंदूपर्यंत पोचले नाहीत ते तुझे भाऊबंद वाटेतच मेले. मेले ते बरं झालं.

थंडीत माझी मेंढी फिरायला लागली. माझी म्हणजे माहेरची. लग्नात आई-वडिलांनी माझ्याबरोबर दिलेली. तिची कोकरं माझी, त्यांची लोकर माझी, अशी आमच्यात रीत. त्या घरात माझ्या नावाचं एवढंच होतं.

तुला तिला मारायचं नव्हतं. आधी मला तसं वाटायचं, म्हणून मी तुला खुनी म्हणत होते. तू त्याहून नीच आहेस. तुला तिला मागं पाडायचं होतं. कळपापासून तोडायचं. मागं पडलेली मेंढी लांडगा धरतो, नाहीतर मालक कापतो, आणि डोकं कुत्र्याच्या तोंडी जातं. तिच्या मेंदूत बसून तू तिला तुझ्या दारापर्यंत चालवत नेलंस.

त्या थंडीत घरात एक शब्द आला. आधी चुलीपाशी, मग पाणवठ्यावर, मग माझ्या तोंडावर. पांढऱ्या पायाची. पूनम आली आणि मेंढरं फिरायला लागली.

मेंढी कापली, तेव्हा मी तिची मुंडी पोत्यात घातली आणि एसटीनं मंगळवेढ्याला जनावरांच्या दवाखान्यात नेली. कंडक्टर म्हणाला, काय हाय ताई? मी म्हटलं, माझी अब्रू. तो पुढं गेला.

डॉक्टरांनी कवटी उघडली. लिंबाएवढी पिशवी निघाली, पातळ, आरपार दिसणारी. आत पाणी आणि साबुदाण्यासारखे पांढरे दाणे. दाणा दाणा म्हणजे तू. डॉक्टर घाईत होते, बाहेर म्हैस हंबरत होती. "मुंडी कुत्र्याला घालू नका. जाळा. कुत्र्याला जंताची गोळी द्या, बांधून ठेवा, त्याची घाण जाळा. एवढं केलं की संपलं."

एवढं केलं की संपलं! घरी आल्यावर मी हेच सांगितलं. सगळे हसले. ढाण्यासुद्धा शेपूट हलवत होता.


मुक्काम नाही. नुसतं भांडण.

आज संध्याकाळी. सासूबाई, म्हणजे राजाबाई आत्या, चुलीपाशी. मामा तंबाखू मळत. माझा नवरा अजिनाथ मोटरसायकल पुसत, पुसलेलीच पुन्हा पुसत.

"मामा, कवडीची मुंडी ढाण्याला नगं."

"मग कुनाला? तुला पायजे व्हय?" आत्या म्हणाल्या.

"जाळायची. डॉक्टर म्हनले की—"

"डॉक्टर!" मामांनी चिमूट तोंडात टाकली. "मेंढरामागं हिंडलाय का कदी त्यो? लांडगं आलं की त्याला फोन लावू? ढाण्या येतोय तवा. कान फाटलाय त्याचा माज्या मेंढरापायी. त्याचा वाटा मारू मी?"

"वाटा मारू नगा. चांगला मटनाचा तुकडा घाला. रस्सा-भाकरी घाला. पर मुंडी नगं. माज्या लग्नातबी फिरत्या मेंढीचीच मुंडी घातली, आन त्यानंतरच—"

"त्यानंतरच की!" आत्यांनी उलथणं माझ्याकडे रोखलं. "आमी दुसरं काय म्हनतोय? तू आल्यापासनंच."

बघ, कसं केलंस. खरं बोलायला तोंड उघडलं आणि त्यांचंच बोलणं माझ्या तोंडातून निघालं.

मामा ओरडत नाहीत. ते मला समजावत होते, त्याचाच जास्त राग आला. "पोरी, कुत्र्यानं खाल्लं न्हाय तर ते सुनंला वळखत न्हाय. माज्या चुलतीला फाडली होती कुत्र्यानं, तिनं घातलं न्हवतं म्हनून. ह्या पोरीचं काय झालं तर तिच्या बापाला तू तोंड दावनार का?"

त्यांना खरंच ऋतुजाची काळजी होती. हाच तुझा खरा मुक्काम असावा. मेंदू नाही, पोट नाही. काळजी.

"पूनम," अजिनाथ म्हणाला, "पावन्यांत तमाशा नगं. उद्याचा दिस जाऊ दे."

दिवस जाईल. पावसाळा येईल. थंडीत एखादी मेंढी फिरेल आणि चुलीपाशी तोच शब्द निघेल, फक्त नाव बदलून. ऋतुजा.

ती दारात उभी राहून ऐकत होती. मग अंगणात माझ्याजवळ आली. "अक्का, ह्यो कुत्रा चावतो का वो?"

"नव्या नवरीला न्हाय," मी म्हटलं. "जुन्या सुनंला चावतो."

ती हसली. मेंदी अजून लालभडक होती.


मुक्काम : परात

दुपार. मांडवाखाली भावकी बसलेली, चुलीवर पातेलं उकळतंय. परातीत कवडीची मुंडी, डोळे उघडे. अजूनही तिरकंच बघतेय. ऋतुजाच्या हातात परात. समोर ढाण्या, तोंडातून लाळेची तार.

"घाल गं," आत्या म्हणाल्या.

मी उठले. परातीतून मुंडी उचलली, मसाला वाटायच्या पाट्यावर ठेवली आणि कोयत्याची उलटी बाजू घातली. फार जोर लागला नाही. तू आतून हाड पातळ करून ठेवलं होतंस.

"ए पूनम! डोकं फिरलं का हिचं!"

"माजं न्हाय. हिचं फिरलं होतं. का फिरलं ते बघा."

बोटं घालून मी तुला बाहेर काढलं. तू तळहातावर थरथरत होतास. ऊन आरपार जात होतं. इतका सुंदर दिसशील असं वाटलं नव्हतं, त्याचाही संताप आला. मी हात भावकीपुढं फिरवला. एकेकाच्या नाकापुढं.

"ह्यो बघा. ह्यो माजा पांढरा पाय. नीट बघून घ्या. ही करनी, ह्यो शाप. एकेक दाना म्हंजे एक किडा. कुत्र्याच्या पोटात वाढतोय, त्याच्या हागन्यातनं गवतावर पडतोय, मेंढराच्या टाळक्यात चढतोय. आन तुमी दर खेपंला हौसंनं, हळदीच्या हातानं, पुन्ना त्याला कुत्र्याच्या तोंडात घालताय!"

"अगं, जेवनाच्या वक्ताला ही काय भाषा," मांडवातून कुणी तरी म्हणालं.

मामा जवळ आले. वाकले. बराच वेळ बघत राहिले. आयुष्य मेंढरांत गेलेल्या माणसानं आतलं हे कधी बघितलं नव्हतं, कारण अभद्र मुंडी कुणी फोडतच नाही.

"पान्याची फुगी हाय," ते म्हणाले. पण आवाज बारीक होता.

"मग मानसं का खात न्हायत ही मुंडी? तुमाला नगं ते त्याला का?"

मी पातेल्याखालच्या निखाऱ्यात तुला टाकलं. फट् आवाज झाला. मागोमाग मुंडी टाकायला वाकले, तेव्हा ढाण्यानं झेप घेतली. मुंडीसाठी घेतली, सापडलं माझं मनगट. मी मुंडी सोडली नाही. दुसऱ्या हातानं निखाऱ्यात ढकलली. लोकर पेटली, मांडवभर घाण वास, बायका पदर नाकाला लावून पळाल्या, कुणी पातेलं उचललं, कुणी मला शिव्या दिल्या. रक्त मातीत पडत होतं.

"राखनदाराचा वाटा जाळलास," मामा म्हणाले. आता मात्र ते ओरडले. "हितनं फुडं एक जरी मेंढरू फिरलं, तर ते तुज्यावर!"

"माज्यावरच घ्या!" मीही ओरडले. सासऱ्यापुढं पहिल्यांदा. "सगळ्यांनी ऐकलंय. माज्यावर. हिच्यावर न्हाय." मी ऋतुजाकडे बोट केलं. "हिनं काई घातलं न्हाय, हिनं काई जाळलं न्हाय. हिचं नाव कुनी घ्यायचं न्हाय."

ती रिकामी परात धरून उभी होती. रडेल असं वाटलं. तिनं परात खाली ठेवली आणि माझ्या पदराची गाठ सोडली. तिला ठाऊक होतं. लग्नाच्या बस्त्याला आम्ही सोलापूरला गेलो होतो, तेव्हा साड्यांच्या दुकानातून गपचूप बाहेर पडून मी कुत्र्याच्या जंताच्या गोळ्या आणल्या होत्या. काल रात्री भांडी घासताना मी तिला त्या दाखवल्या होत्या. दे म्हटलं नव्हतं.

तिनं गोळ्या कुस्करल्या, भाकरी रश्श्यात बुडवली, वर मटणाचा मोठा तुकडा ठेवला. ढाण्यानं आधी तिचा हात हुंगला. मग चाटला. मग सगळं खाल्लं.

"वळखलं की," ऋतुजा मामांना म्हणाली. बस, एवढंच.


मुक्काम : कुत्र्याचं पोट

(                              )

इथं तू असायला हवा होतास.


मुक्काम : खड्डा

अजिनाथ मला मोटरसायकलवर मंगळवेढ्याला घेऊन गेला. कुत्रा चावल्याची सुई घेतली. परत येताना म्हणाला, "हिसका लई जोरात बसला का?" मला काय म्हणायचंय ते त्यानं आदल्या संध्याकाळी विचारायला हवं होतं.

आज सकाळपासून ढाण्या साखळीला आहे. रागानं माझ्याकडे बघतो. मी एका हातानं खोऱ्यानं त्याची घाण ओढते, खड्ड्यात टाकते, वर रॉकेल. तुझे तुकडे त्यात आहेत, भातासारखे, काही अजून वळवळतायत. भावकीतली राहिलेली माणसं चहा पीत बघतायत आणि हसतायत. आत्यांनी माझ्या हातचं पाणी घेतलं नाही. मामा कळप घेऊन गेले, जाताना खड्ड्यापाशी थांबले, आत बघितलं, थुंकले आणि गेले. थुंकले ते तुझ्यावर की माझ्यावर, ते त्यांनाच माहीत.

तू संपला नाहीस, मला ठाऊक आहे. त्या रानात तुझी अंडी आधीच पडलीत. दुसऱ्या वाड्यांवर दुसरी कुत्री आहेत, दुसऱ्या सुना आहेत. येत्या थंडीत आमचीही एखादी मेंढी फिरेल, आणि सगळे म्हणतील, मुंडी जाळली म्हणून. पूनममुळं.

म्हणू देत. मी कोयता धुऊन ठेवलाय. त्या मेंढीची मुंडी पण मीच फोडणार, ह्याच अंगणात, सगळ्यांसमोर.

ऋतुजा काडेपेटी घेऊन येते. वारा आहे. पहिली काडी विझते. ती शिवी देते, चांगली सणसणीत, आणि दुसरी ओढते.