पुलाखालचे सहाशे अकरा

दवाखान्यात, गल्लीत आणि घरातही तिला सगळे सिस्टरच म्हणत. सासूबाईंनी आधी थट्टेत म्हटलं, मग त्यांच्याही जिभेवर तेच बसलं. बावीस वर्षं ती पालिकेच्या दवाखान्यात तान्ह्या पोरांना लस टोचत होती. कुणाचं पोर कुठल्या मांडीवर सुई घेताना लाथ मारतं, हेसुद्धा तिला ठाऊक असायचं.

एका सकाळी ती लसीकरणाची सूचना लावायला पालिकेच्या फलकापाशी गेली, तर तिथे निवडणुकीसाठी प्रभागांचा नवा नकाशा लागला होता. पुलाखालच्या वस्तीच्या बरोबर मधून लाल रेघ गेली होती. शेजारी लिहिलं होतं : लोकसंख्या दोन हजार एकशे चाळीस. स्वतंत्र प्रभागाला सहा हजार माणसं लागतात, सबब अर्धी वस्ती उंच इमारतींच्या प्रभागाला आणि अर्धी बाजारपेठेच्या प्रभागाला जोडण्यात येत आहे. हरकती चार दिवसांत द्याव्यात.

सिस्टर हातात टाचण्या धरून तशीच उभी राहिली. वस्ती एवढीशी होती ती दहा वर्षांपूर्वी. त्यानंतर ओतकामाचे कारखाने आले, माल बांधायच्या शेड आल्या आणि कुठून कुठून माणसं आली. खोल्यांवर खोल्या चढल्या. ते जिने रोज चढून तिचे गुडघे बोलायला लागले होते. आणि आता ही सगळी माणसं कागदावरून गायब.

जेवणाच्या सुट्टीत तिनं लसीकरणाची रजिस्टरं काढली. पाच वर्षांत वस्तीतल्या किती बाळांना पहिला डोस दिला आणि त्यातली किती अजून तिथेच राहतात, ते मोजलं. सहाशे अकरा. पुन्हा मोजलं. तेवढीच. म्हणजे पालिकेच्या हिशेबानं वस्तीतल्या दर साडेतीन माणसांत एक पाच वर्षांच्या आतलं. तिला हसू आलं आणि पाठोपाठ संतापही. तिथल्या तिथे तिनं स्वतःच्या हातानं हरकत लिहिली. सही करताना हुद्दा लिहिला नाही. ‘मतदार’ एवढंच लिहिलं आणि संध्याकाळी अर्ज पालिकेच्या कचेरीत देऊन आली.

दुसऱ्या दिवशी संध्याकाळी भाऊजी आले. तिचे मोठे दीर म्हणजे त्या भागाचे तीन वेळा निवडून आलेले नगरसेवक. एरवी ते आले की आधी आईच्या पाया पडत. आज सरळ खुर्चीवर बसले. त्यांनी बराच वेळ समजावलं. वस्तीतली माणसं आज आहेत, उद्या नाहीत. त्यांना इथलं काही देणंघेणं नाही, मग वेगळा नगरसेवक कशाला. घरातल्याच माणसानं असा अर्ज केला, तर बाहेर तोंड दाखवायला जागा राहत नाही. तिचा नवरा खिडकीशी बसून चष्मा पुसत राहिला. तो पुसून पुसून झिजेल की काय, असं तिला वाटलं.

शेवटी भाऊजींचा आवाज खाली आला. “पालिकेची नोकरी आहे तुझी. बदली व्हायला एक फोन पुरतो.”

“करा फोन,” सिस्टर म्हणाली. “पण माणसं आहेत, ती नाहीत असं मी म्हणणार नाही.”

सासूबाई आतून बाहेर आल्या. त्यांना राजकारणातलं फारसं कळत नसे, असं घरातले सगळे धरून चालत. त्यांनी थोरल्याला एवढंच विचारलं, “तिचा आकडा खोटा आहे का?”

चहा न घेताच भाऊजी उठले.

सुनावणीच्या दिवशी सिस्टरनं रजा टाकली. गणवेश घडी करून कपाटात ठेवला आणि साधी निळी साडी नेसली. सासूबाई चपला घालून दारात तयारच होत्या. पालिकेच्या सभागृहात त्या दोघी पहिल्या रांगेत बसल्या. पलीकडच्या टोकाला भाऊजी होते. त्यांनी आईकडे एकदा पाहिलं आणि मग कागदांत डोकं घातलं.

सुनावणी घेणारा अधिकारी तरुण होता, पण आवाज दमलेला. त्यानं हरकत वाचली आणि म्हणाला, ही मुलं बाहेरून लस घ्यायला येत असतील.

“साहेब, एकदा येतील,” सिस्टर म्हणाली. “महिन्यामागून महिने तीच आई, तेच पोर, तोच पत्ता? आणि जी येत नाहीत त्यांच्या दारात मी जाते. तिथं कुणी राहतच नसतं, तर दार कुणी उघडलं असतं?”

“पुरावा?”

“दर महिन्याला मी आरोग्य विभागाला अहवाल पाठवते. पोच घेते. ते सगळे आकडे तुमच्याच कपाटात आहेत. माझा एकही नवा नाही.”

सभागृहात कुजबुज झाली. नेमक्या त्याच वेळी बाहेरून रडण्याचा आवाज यायला लागला. आधी एक, मग पाच-सहा, मग मोजता येईना. वस्तीतल्या बायका पोरं कडेवर घेऊन आल्या होत्या. हरकतीचा अर्ज नाही म्हणून पहारेकऱ्यानं त्यांना आत सोडलं नव्हतं. सिस्टरनं कुणालाच बोलावलं नव्हतं. बातमी जिन्याजिन्यानं आपोआप गेली होती.

अधिकाऱ्यानं कपाळाला आठ्या घातल्या. “हा कसला गोंधळ आहे?”

“तुमचे मोजायचे राहिलेत ते,” सिस्टर म्हणाली.

कुणीतरी मागे हसलं. अधिकारी मात्र हसला नाही. तो उठून खिडकीपाशी गेला आणि खाली त्या बायका-पोरांकडे बघत राहिला. मग जागेवर येऊन त्यानं फेरमोजणीचा शेरा लिहिला.

मोजणीला तीन आठवडे लागले. माणसं निघाली सहा हजार आठशे त्रेचाळीस. लाल रेघ पुसली गेली आणि वस्तीचा स्वतंत्र प्रभाग झाला. त्याच आठवड्यात सिस्टरच्या हातात बदलीचा हुकूम पडला. शहराच्या दुसऱ्या टोकाचा दवाखाना, दोन बस बदलून जायचं. हुकूम वाचून नवऱ्यानं पहिल्यांदा तोंड उघडलं. दादाशी आपण बोलतो, म्हणाला. तिनं त्याला गप्प बसवलं. गप्प बसायची सवय आहेच, तर आत्ताही ठेवा, एवढंच म्हणाली. तो दुखावला. दोन दिवस धुसफूस चालली.

वस्तीनं शिवणकाम करणाऱ्या एका बाईला निवडून दिलं. भाऊजी उंच इमारतींच्या प्रभागातून उभे राहिले आणि भरघोस मतांनी आले.

निकालानंतरच्या रविवारी ते पेढे नव्हे, बदली रद्द करायचा एक छापील अर्ज घेऊन आले. मनात काही ठेवू नकोस, म्हणाले. बदली रद्द होईल. फक्त अर्जातले आकडे नजरचुकीनं दिले, असं त्यावर दोन ओळींत लिहून दे.

सिस्टरनं कागद वाचला, उलटा करून पाहिला आणि परत केला. “भाऊजी, चूक झाली असती तर मीच आधी लिहून दिलं असतं.”

“रोज अशाच दोन बस करणार आहेस?”

“करणार.”

सासूबाईंनी थोरल्याला जेवून जा म्हटलं. तेही थांबले. हात धुताना भाऊजींनी सहज विचारावं तसं विचारलं, तिकडे दवाखान्यात गर्दी असते का गं?

“असते,” सिस्टर म्हणाली. “आणि तिथल्याही कागदावर निम्मीच दिसते.”