पाठकोऱ्या पत्रकांवरच्या कविता

आमच्या प्रकाशनात दोनच प्रकारची पुस्तकं निघतात. देव आहे पण तुम्हाला वाटतो तसा नाही, हे चारशे पानांत सांगणारी, आणि भांडी विसळताना सुचलेल्या कवितांची. पहिली पाळक लोक घेतात आणि वाचत नाहीत. दुसरी त्यांच्या बायका घेतात आणि वाचतात. पश्चिम मिशिगनमध्ये एवढ्या बळावर एखादी संस्था सत्तर वर्षं चालू शकते. मी तिथे तेवीस वर्षं संपादक आहे. आधी फक्त ईश्वरविज्ञान बघायचो. कवितेचा संपादक निवृत्त झाला तेव्हा त्याचं टेबल ‘तूर्तास’ म्हणून माझ्या टेबलाला चिकटवण्यात आलं. त्यालाही आता चौदा वर्षं झाली.

एकाच घरातून दोन्ही प्रकार पुरवणारं जोडपं आमच्याकडे एकच होतं. प्रोफेसर एव्हरेट स्लाख्टर आणि मिन्नाबाई. प्रोफेसरांनी सेमिनरीत, म्हणजे पाळक घडवणाऱ्या शाळेत, अडतीस वर्षं शिकवलं आणि तीन जाड खंड लिहिले. चौथा खंड छपाईच्या वाटेवर होता. त्याचा सारांश असा: मेलेली माणसं देवाच्या स्मरणात असतात, तिथे ती सुखरूप असतात, पण आपल्याशी बोलत नाहीत. ती बोलतात असं ज्याला वाटतं त्याचं दुःख बोलत असतं, एवढंच. मिन्नाबाईंचे पाच कवितासंग्रह होते आणि त्यांचा सारांश करता येत नाही. त्यांत शेगडी असे, बटणांचा डबा असे, प्रवचन लांबलं की बाकावरून हळूच पुढे सरकवली जाणारी पेपरमिंटची गोळी असे.

मिन्नाबाई तीन ऑक्टोबरला गेल्या. दफनानंतर चर्चच्या तळघरात रीतीप्रमाणे हॅमचे बन झाले. प्रोफेसर सगळ्यांशी हात मिळवत होते आणि प्रत्येकाला ‘आलात, बरं वाटलं’ म्हणत होते, हॉल झाडणाऱ्यालासुद्धा.

मिन्नाबाईंच्या सहाव्या संग्रहाची हस्तलिखितं सप्टेंबरातच माझ्याकडे आली होती, बुटांच्या खोक्यात. मिन्नाबाई वहीत लिहीत नसत. रविवारच्या उपासनेचं पत्रक असतं ना, एका बाजूला गीतांचे क्रमांक आणि आजाऱ्यांची नावं, दुसरी बाजू कोरी, त्या कोऱ्या बाजूवर लिहीत. प्रवचन चालू असतानाच लिहीत, असं लोक म्हणत. प्रवचन बहुधा नवऱ्याचं असे. एकसष्ट कविता होत्या. मी त्या मोजल्या, खोकं लोखंडी कपाटात ठेवलं आणि किल्ली खिशात टाकली.

नोव्हेंबरात अनुक्रमणिका करायला बसलो तर बासष्ट भरल्या.

मोजण्यात चूक झाली असेल म्हणून दुसऱ्या दिवशी पुन्हा मोजल्या. त्रेसष्ट. मग वरच्या दोन वाचल्या. एक कविता मयताच्या घरी आलेल्या भांड्यांवर होती. आमच्याकडे कुणी गेलं की शेजारणी भाजलेले पदार्थ भांड्यांतून आणून देतात आणि परत ओळखू यावीत म्हणून बुडाला चिकटपट्टी लावून नाव लिहितात. कवितेतला माणूस ती भांडी घासतो, इतकी घासतो की पट्ट्या निघून येतात, आणि मग कुठलं कुणाचं ते न कळल्यामुळे सगळी आपल्याच फडताळात ठेवतो. कागद उलटला. बारा ऑक्टोबरचं पत्रक. त्यात मध्यावर छापलं होतं, ‘स्लाख्टर कुटुंबाच्या सांत्वनासाठी प्रार्थना करावी.’ हस्ताक्षर त्यांचंच, ओळ उजवीकडे घसरत जाणारं.

शिकलेला माणूस अशा वेळी जे करतो तेच मी केलं. कुणावर तरी संशय घेतला. ऑफिसात माझ्याखेरीज एक ट्रूडी. ती सकाळी आमची पत्रव्यवहाराची कामं बघते आणि शुक्रवारी चर्चची पत्रकं टाइप करते.

“ट्रूडी, मिन्नाबाईंच्या अक्षराची नक्कल तुला जमेल का गं?”

“मला माझंच अक्षर लागत नाही,” ती म्हणाली. “आणि त्यांच्या कविता करायच्या म्हणजे आधी घर आवरावं लागेल.”

हे पटण्यासारखं होतं. सात नव्या कविता झाल्यावर मी प्रोफेसरांना फोन केला.

“सर, मिन्नाबाईंच्या काही कविता मिळाल्यात. नव्या.”

पलीकडे फडताळाचं दार करकरलं.

“भांड्यांची आहे का त्यात?”

“आहे.”

“चिकटपट्ट्यांबद्दल मी कुणाला बोललेलो नाही, वेंडेल.” मग म्हणाले, “माझं पुस्तक छपाईला कधी जातंय?”

“दोन्ही शुक्रवारी जातायत. नव्या पुस्तकांच्या यादीत समोरासमोरच्या पानांवर आहेत. दोन्हींवर तुमची सही लागेल. त्यांच्या पुस्तकावर वारस म्हणून.”

“म्हणजे शुक्रवारी मी ज्यांवर सही करीन त्यांतलं एक पुस्तक खोटं असेल,” ते म्हणाले आणि त्यांनी फोन ठेवला. तेवीस वर्षांत त्यांचं इतकं आटोपशीर वाक्य मी ऐकलं नव्हतं.

मधल्या मंगळवारी आमची गृहभेट त्यांच्याकडेच होती. मी चर्चच्या मंडळीच्या ‘वडिलां’पैकी, म्हणजे निवडून दिलेल्या ज्येष्ठांपैकी, एक आहे. आम्ही वडील लोक वर्षातून एकदा जोडीने प्रत्येक घरी जातो, कॉफी घेतो आणि घरच्यांच्या आत्म्याची चौकशी करतो. माझा जोडीदार हार्म नोटेबोम, धंद्याने प्लंबर. तीस वर्षं लोकांच्या तळघरांत काढल्यामुळे त्याला कशाचंच नवल वाटत नाही.

त्या दिवशी सकाळी खोक्यात आठवी कविता होती. दोन वडील दाराशी येतात, एक पायपुसण्यावर दोनदा बूट पुसतो, चमचा खाली पडतो, आणि मग तो विचारतो, घरातले सगळे बसलेत ना. इथे कविता संपते. मिन्नाबाईंच्या कविता अशाच मध्ये संपत. समीक्षक त्याला संयम म्हणत. मी कागद उलटला आणि ट्रूडीकडे नेला.

“हे येत्या रविवारचं आहे,” ती म्हणाली. “ते मी अजून केलेलंच नाही.” तिने चष्मा वर सरकवला आणि गीतांचे क्रमांक पाहिले. “शेवटचं गीत पाळकांनी मला आत्ता दहा मिनिटांपूर्वी फोनवर सांगितलं.” मग तिने तो कागद दोन बोटांनी माझ्याकडे ढकलला आणि हात धुवायला गेली.

साडेचारला हार्मच्या गाडीत बसलो. भेटीचं कार्ड काचेसमोर ठेवलेलं होतं. त्यावर लिहिलं होतं, एव्हरेट आणि मिन्ना स्लाख्टर.

“हार्म, कार्डावर दोघांची नावं आहेत.”

“मग?”

“अरे, त्या गेल्या.”

“माहीत आहे. शवपेटी उचलायला मी होतो. नावं जानेवारीत काढतात.”

“मग आज आपण फक्त सरांनाच विचारायचं ना?”

“कार्डावर असतील त्यांना विचारायचं. कार्ड बदलायचा अधिकार मला नाही, आणि तुला तर त्याहून नाही.”

प्रोफेसरांनी दार उघडलं. हार्मने बूट पुसले. आत आला, पुन्हा मागे गेला आणि पुन्हा पुसले. स्वयंपाकघरात टेबलावर तीन कप होते आणि पवनचक्कीच्या आकाराची बिस्किटं होती. फडताळाचं दार नीट लागत नव्हतं, आत इतकी भांडी कोंबली होती. मी माझा चमचा बशीच्या अगदी मधोमध ठेवला आणि त्याच्यावर नजर ठेवून बसलो. पडला तो हार्मचा.

हार्मने तो उचलला, विजारीला पुसला आणि कार्ड पुढे धरलं.

“घरातले सगळे बसलेत ना?”

सेमिनरीत याच प्रश्नाला प्रोफेसरांनी चाळीस मिनिटं घेतली असती आणि जर्मन तळटीपा दिल्या असत्या. इथे त्यांनी कप बाजूला सरकवला. ‘मी एकटाच आहे’ एवढं म्हटलं असतं तर चौथा खंड शाबूत होता. कुणी काही म्हटलं नसतं. मग ते उठले. खिडकीपाशी एक खुर्ची होती, तिच्यावर दीड महिन्याची वर्तमानपत्रं साचली होती. त्यांनी ती उचलून जमिनीवर ठेवली, खुर्ची टेबलाशी आणली आणि आपल्या जागी येऊन बसले.

“आता बसलेत,” ते म्हणाले.

“एव्हरेटसर, प्रार्थना होते का?”

“नाही.”

“कधीपासून?”

“ऑक्टोबर.”

“बरं.” हार्मने लिहून घेतलं. मग तो खुर्चीकडे वळला. “मिन्नाबाई, तुमचं कसं चाललंय?”

आणि थांबला. नळ बंद केल्यावर तो खरंच बंद झालाय का हे बघायला प्लंबर थांबतो, तसा. एका साध्या उत्तराला लागावा तेवढा वेळ गेला.

“बरं,” हार्म म्हणाला आणि लिहिलं. मग मान जरा तिरकी करून, “हे त्यांना सांगितलंत का?” पुन्हा थांबला. आणि हसला. मोठ्याने नाही, शेजारीण काही चावट बोलली की हसतात तेवढंच.

प्रोफेसर हार्मच्या तोंडाकडे बघत होते, कमी ऐकू येणारा माणूस बघतो तसे.

“काय म्हणाली?”

“एकाने सांगितलेलं आम्ही दुसऱ्याला सांगत नाही, सर. नियम आहे.”

“अरे, मी नवरा आहे तिचा.”

“मग तुम्हीच विचारा की.”

चेष्टा करायची हार्मची तऱ्हा मला ठाऊक आहे. ही चेष्टा नव्हती. त्याने कार्ड खिशात घातलं, डोळे मिटले आणि ‘या दोघांसाठी’ अशी छोटी प्रार्थना केली. आम्ही उठलो. प्रोफेसर उठले नाहीत. आम्ही दाराशी कोट घालत असताना ते खुर्चीकडे वळून “मिन्ना” एवढंच म्हणाले. पुढचं ऐकायला नको म्हणून मी दार ओढून घेतलं.

गाडीत मी विचारलं, “तुला खरंच काही ऐकू आलं?”

“तुला नाही?”

“नाही.”

“तू चमच्यांकडे बघत होतास,” हार्म म्हणाला आणि त्याने गाडी सुरू केली.

शुक्रवारी प्रोफेसर ऑफिसात आले. इस्त्रीचा शर्ट, कॉलरपाशी जळल्याचा लहानसा डाग. मी दोन्ही पुस्तकांचे कागद पुढे ठेवले. मिन्नाबाईंच्या पुस्तकावर त्यांनी सही केली, सगळ्या एकोणसत्तर कवितांसकट. मग आपल्या चौथ्या खंडाची मुद्रितं उचलून काखेत धरली.

“हे परत नेतो.”

“सर, यादीतलं पान कोरं जाईल.”

“जाऊ दे.”

“कारण काय लिहू? अध्यक्षांना काहीतरी लागेल.”

“लेखकाची प्रकृती, असं लिही.”

“आणि मला विचारलं तर?”

त्यांनी कागद नीट छातीशी धरले. “वेंडेल, मला त्या घरात राहायचंय.”

दाराशी जाऊन ते थांबले.

“खोक्यात अजून काही आलं?”

“मंगळवारनंतर काही नाही.”

“नसणारच,” ते म्हणाले. “आता लिहून कळवायची वेळ तिच्यावर येत नाही.”

पुस्तक वसंतात निघालं. प्रकृती बिघडल्याचं कळल्यामुळे बायकांनी प्रोफेसरांकडे पुन्हा भांडी पोचवली. शेवटच्या आठ कवितांत मृत्यूची चाहूल लागते, असं दोन समीक्षकांनी लिहिलं, आणि एकाने तर कवयित्रीला आपला शेवट आधीच दिसला होता असं सिद्ध केलं. त्या कविता कुठल्या कागदांवर लिहिल्या होत्या हे कुणी विचारलं नाही. पत्रकांच्या तारखा आम्ही छापल्या नव्हत्या. त्या निर्णयावर सही माझी आहे.