थेमेलिनाचं छत आणि रोमचे हुकूम

इटलीवाले रोड्सजवळच्या आमच्या छोट्या ग्रीक बेटावर उतरले ते १९१२ च्या मे महिन्यात. त्यांचं भांडण तुर्कांशी, तेही तिकडे आफ्रिकेतल्या लिबियावरून. आमचा संबंध एवढाच, की आम्ही तुर्कांच्या ताब्यात होतो आणि वाटेत होतो. मी तेव्हा बंदरावर नुकतंच कॉफीचं दुकान टाकलं होतं. अकरा शिपाई आणि एक लेफ्टनंट आले, त्यांनी कॉफी मागितली, मी दिली. आमच्याकडे लढाई झाली ती एवढीच.

लेफ्टनंटचं नाव ओरेस्ते पावानेल्लो. उंच, किडकिडीत, बत्तीस वर्षांचा, कमालीचा सरळ माणूस. त्याची सोय माझी चुलतवहिनी थेमेलिना हिच्या माडीवर झाली, कारण गावात माडी तेवढी एकच. वहिनी विधवा. नवरा स्पंज काढायला समुद्रात उतरला तो वर आलाच नाही, आणि तेव्हापासून ती कुणाचं ऐकून घेत नसे.

त्याच वर्षी तह झाला. तुर्कांनी लिबिया सोडला की इटलीने आमची बेटं त्यांना परत द्यायची. पावानेल्लोला हुकूम आला: ताबा तात्पुरता आहे, बेट जसं मिळालं तसंच परत करायचं आहे, सबब यादी करावी. त्याने त्रेचाळीस पानी यादी केली. विहिरी, गाढवं, मोडका धक्का, काही सोडलं नाही. वहिनीच्या घराच्या नोंदीपुढे लिहिलं, ‘छत गळकं, दोन ठिकाणी.’

हिवाळ्याच्या तोंडाशी वहिनीने छतावर टाकायला बोरू आणि चिकणमाती आणली, तर हा शिडीपाशी उभा.

“बाई, दुरुस्ती करता येणार नाही.”

“का?”

“यादीत गळकं आहे. गळकंच परत द्यावं लागेल.”

“घर माझं आहे. तुर्कांचं नाही आणि तुमच्या राजाचंही नाही.”

“घर तुमचं, बाई. परिस्थिती सरकारची.”

“मग परिस्थितीला माडीवर झोपवा. दोन्ही भोकं तुमच्याच खाटेवर आहेत.”

ते खरंच होतं. तो छत्री उघडून झोपायचा.

जानेवारीत तिसरं भोक पडलं आणि पावानेल्लोच्या तोंडचं पाणी पळालं. तिसरं यादीत नव्हतं, म्हणजे इटलीच्या ताब्यात बेटाचं नुकसान झालं. त्याने रोमला लिहिलं. पाच महिन्यांनी, रखरखीत उन्हात, परवानगी आली: फक्त तिसरं बुजवावं. वहिनी छतावर चढली. हा खालून सांगत होता, “डावीकडचं नको, ते मूळचं आहे.”

“तुमच्या आईने जेवायलाही असंच मोजूनमापून वाढलं का हो?” वहिनीने वरून विचारलं.

“आई मी लहान असतानाच गेली.”

त्या दिवसापासून वहिनी त्याला जेवायला खाली बोलावू लागली. भोकांच्या बाबतीत मात्र दोघंही हटले नाहीत.

मग महायुद्ध आलं. इटली आधी जर्मनांच्या गोटात होती, मग काही महिने कुणाच्याच नाही, मग जर्मनांच्या विरुद्ध. बेट आता कुणाला परत करायचं, हे कुणी सांगेना. मी एकदा विचारलं, “लेफ्टनंट, तुमचं सरकार नक्की कुणाच्या बाजूने?”

“माझ्याकडे फक्त यादी आहे,” तो म्हणाला. त्याला खरंच वाईट वाटलेलं दिसलं, म्हणून मी त्याच्यापुढे कॉफी ठेवली.

१९२० साली कळलं, की बेट ग्रीसला मिळणार. ग्रीस म्हणजे आमचीच माणसं. गावाने चर्चच्या घंटा बडवल्या. मित्रराष्ट्राला द्यायचं म्हणून सगळं सुस्थितीत हवं होतं. गवंडी जमवण्यात दोन वर्षं गेली. त्यांनी वहिनीचं सगळं छत उतरवलं, अर्ध्यावर नवे वासे टाकून ते झाकलं, आणि तार आली. ठराव रद्द, बेट देत नाही, पुढच्या निर्णयापर्यंत कशालाही हात लावू नये.

वर्षभरात स्वित्झर्लंडमध्ये नवा तह झाला आणि बेट कायमचं इटलीचं झालं. रोममध्ये आता काळे शर्टवाले फॅसिस्ट बसले होते. पावानेल्लोने यादीची वही बांधून ठेवली आणि दोन दिवस माझ्या दुकानात घरचं माणूस गेल्यासारखा बसून राहिला. त्या गडबडीत छताचा हुकूम उठवायला सगळेच विसरले. तेरा वर्षं ते अर्धंच राहिलं. झाकलेल्या अर्ध्याखाली पावानेल्लो राही, उघड्या अर्ध्यात वहिनी अंजीर वाळवी.

“रोमचा काहीतरी उपयोग झाला,” ती म्हणायची.

छत्तीस साली रोड्सहून काळा शर्ट घातलेला एक इंजिनियर आला. बेट मुळात इटलीचंच होतं, हे दाखवणाऱ्या खुणा शोधायच्या होत्या त्याला. वहिनीच्या दारावर एक कोरलेला दगड होता. तो पाहून त्याने टोपी काढली.

“सिंह. सरदाराचं निशाण. हा जुन्या इटालियन सरदाराचा वाडा आहे.”

“ती शेळी आहे,” वहिनी म्हणाली. “माझ्या सासऱ्यांनी कोरली. त्यांची लाडकी होती.”

“बाई, शेळीला आयाळ नसते.”

“ती दाढी आहे. सासऱ्यांना तोंड जमलं नाही, म्हणून खाली सरकली.”

इंजिनियरने ‘सिंह’ असंच लिहून घेतलं. चार महिन्यांत घरावर दगडी छत आणि किल्ल्यासारखे कंगोरे चढले. एक थेंब गळेना. पण ते आता राष्ट्रीय स्मारक झालं, आणि स्मारकात राहायची कुणाला मुभा नव्हती. वहिनी माझ्या घरी आली, पावानेल्लो दुकानामागच्या खोलीत. त्यानेच अर्ज लिहिला, की स्मारकाला पहारेकरी लागेल आणि ही बाई जागा ओळखते. तिला टोपी मिळाली.

वहिनीने नोकरी मनावर घेतली. रोड्सचे मोठे साहेब स्मारक बघायला आले, तेव्हा ती दारात आडवी उभी राहिली.

“सोमवारी बंद असतं.”

“बाई, आम्हीच सरकार आहोत.”

“मग सोमवार तुम्हीच ठरवला असेल. मंगळवारी या.”

साहेब बोटीत झोपले आणि मंगळवारी आले. पावानेल्लो माझ्याशेजारी बसून हे बघत होता. एवढा हसताना मी त्याला पहिल्यांदाच पाहिलं.

पुढे दुसऱ्या महायुद्धात इटली शरण गेली, जर्मन आले, उपासमार झाली, इंग्रज आले. जर्मनांनी इटलीच्या शिपायांना कैद केलं, पण पावानेल्लो निवृत्त म्हातारा म्हणून त्यांच्या तावडीतून सुटला. वहिनी स्वतःच्या ताटातली रानभाजी त्याच्याकडे सरकवायची. सत्तेचाळीस साली ग्रीसचा झेंडा चढला, वहिनी घरी परतली, आणि इटलीवाल्यांना न्यायला जहाज आलं.

“राहा म्हटलं तर राहाल?” तिने विचारलं.

“हुकूम नाही,” तो म्हणाला.

“जेवून जा, मग.”

तो जेवला आणि गेला. तीन वर्षांनी त्याच्या बहिणीचं पत्र आलं, की ओरेस्ते गेला. वहिनी मेणबत्ती लावायला चर्चमध्ये गेली. पाद्रीबाबांनी प्रार्थनेसाठी मृताचं नाव विचारलं. इटलीवाले कॅथलिक, आम्ही ऑर्थोडॉक्स; कॅथलिक माणसासाठी आमच्याकडे प्रार्थना म्हणत नाहीत.

“ओरेस्तिस,” ती म्हणाली.

नाव अस्सल ग्रीक. पाद्रीबाबांनी पुढे काही विचारलं नाही.