प्रमाण विचलन शून्य

तनुजानं तिसऱ्यांदा आकडे भरले, तरी कॉम्प्युटर हटेना. शहरातल्या शाळेच्या शंभर पोरांचं प्रमाण विचलन, म्हणजे आकड्यांची पांगापांग, नीट आलं होतं. कुणी परीक्षेला भितं, कुणी नाही, आकडे कसे रानभर पांगलेले. पिशोरच्या शाळेचं मात्र शून्य. शंभर पोरं आणि शंभरांचं काळीज एकाच मापाचं. असं देवानंही कधी घडवलं नसेल.

पिशोरच्या प्रश्नावल्या भरून आणल्या होत्या सासऱ्यांनी, काकासाहेबांनी. तिथले मुख्याध्यापक ते. तिनं बिचकत विचारलं, तर छाती फुगवून म्हणाले, पोरं गोंधळली होती, म्हणून बरोबर उत्तरं फळ्यावर लिहून दिली. परीक्षेची भीती वाटते का? कधीच नाही. रात्री झोप लागते का? नेहमी. एकाचंही चुकू दिलं नाही. जन्मभर शंभर टक्के निकाल लावलेला माणूस, भीतीचाही लावला.

आता करती काय ती? पीएचडीचा प्रबंध द्यायची शेवटची तारीख सोमवार, मुदतवाढ दोनदा घेऊन झालेली, शाळांना सुट्ट्या लागलेल्या. मार्गदर्शक अप्पाराव सरांनी फोनवर सुनावलं, एक शाळा अशी सपाट असल्यावर तुलना कशाची करता, खरी माहिती आणा नाहीतर नोंदणी रद्द होते. आणि सासऱ्यांची चूक काढावी, तर दिवाळीपर्यंत घरात कुणी धड बोललं नसतं.

तरी जीभ उचललीच तिनं. “मामा, हे कागद कामाचे नाहीत. पोरांनी आपापलं लिहायला पाहिजे होतं.”

 काकासाहेबांनी उरलेल्या कोऱ्या प्रश्नावल्यांचा गठ्ठा ओढून तिच्यापुढं ठेवला.

“एवढंच व्हय? मी सांगतो, तू लिही. पहिली सांडूची पोरगी, अपेक्षा. लई भित्री. गणिताच्या पेपरला उलट्या करती. टाक, नेहमी.”

“पण मामा, ते त्यांनीच...”

“मी वळखत नाय का माझी पोरं?”

ओळखत होते, हीच तर पंचाईत. कोण पेपरात रडतं, कोण बापाच्या धाकानं गुण लपवतं, सगळं तोंडपाठ. नऊ कागद भरले आणि आकडे पांगायला लागले, अगदी खऱ्यासारखे. पोरांना मात्र याही खेपेला कुणी विचारलं नव्हतं. तनुजाचा हात थबकला. सासूबाई ओट्यापाशी भाजी चिरायची थांबून कान देऊन होत्या.

“आभारात माझं नाव पहिलं टाक,” काकासाहेब म्हणाले.

“हो, मामा,” म्हणत तिनं दहावा कागद ओढला.