आकडी आली!

मित्रांनो, मी एक जुनी आकडी आहे. घाबरू नका. माणूस धाडकन खाली कोसळतो, हातपाय झाडतो, त्या आजारालाही आकडी म्हणतात, पण ती मी नव्हे. मी बोटीवरची आकडी. लांब लाकडी दांडा आणि त्याच्या टोकाला वाकडं लोखंड, एवढंच माझं रूप. तुमच्या वर्गात एकाच नावाची दोन मुलं असली की एकाच्या चुकीचा मार दुसऱ्याला बसतो, हे तुम्हाला माहीत असेल. आम्हा दोघींच्या नावाचा घोटाळा मात्र फार महागात पडला.

माझा जन्मच मारात झाला. लोहाराने मला भट्टीत लाल केलं, ऐरणीवर ठेवलं आणि घणाने बडवलं. मी वाकेना, म्हणून पुन्हा तापवलं आणि पुन्हा बडवलं. शेवटी पाण्यात बुडवलं तेव्हा मी एवढ्या जोरात चरचरले की दारातलं कुत्रं शेपूट घालून पळालं. लोहार गिऱ्हाइकाला म्हणाला, "घेऊन जा. एवढा मार खाल्लेली पोरगी कुठंही नांदेल."

ते गिऱ्हाईक म्हणजे माझा मालक. धक्क्यावर त्याला सगळे कप्तान म्हणायचे. त्याची बोट लहानशी, पण ऐट जहाजाची. सकाळी पाहुण्यांना घेऊन निघायचं, दिवसभरात तीन बेटं दाखवायची आणि दिवस मावळायच्या आत परतायचं, असा त्याचा धंदा. सुकाणू त्याच्या हातात असायचं. पाहुण्यांना पाण्यात घेऊन उतरायची ती त्याची बायको. तिला सगळे वहिनी म्हणायचे. डोळ्यांवर काचेचा चष्मा, तोंडात नळी आणि अंगात जाकीट घालून पाहुणे पाण्यावर पालथे तरंगायचे आणि खालचे मासे बघायचे. वहिनी त्यांच्या मधून मासोळीसारखी फिरायची. कोण घाबरला आहे, हे तिला त्याच्या पायांवरून कळायचं.

माझं काम साधं होतं. खडकाला टेकून बोट दूर लोटायची, पाण्यात पडलेली टोपी काढायची, दोरी ओढून घ्यायची. पण समुद्रात साधं काम असं फार थोडं असतं. पहिल्या बेटावर पक्ष्यांची वसाहत होती. तिथे एक पक्षी दुसऱ्याच्या घरट्यातलं पिल्लू उचलायचा आणि आई चोच मारत मागे धावेपर्यंत ते गिळून मोकळा व्हायचा. पाहुणे "अरेरे" म्हणायचे आणि फोटो काढायचे. दुसऱ्या बेटावर माकडं होती. त्यांच्या म्होरक्याने एकदा एका बाईची पिशवी ओढली आणि सोडेना म्हणून तिच्या मनगटाचा लचका तोडला. कप्तानाने मला उगारलं. वहिनीने त्याचा हात वरच्या वर धरला.

"अहो, मारू नका. आपण त्याच्या घरात शिरलोय. तुमच्या घरात कोणी असं घुसलं तर तुम्ही काय कराल?"

"पहिल्यांदा चहा विचारीन," कप्तान म्हणाला. रक्त पुसता पुसता ती बाईसुद्धा हसली.

एकदा जाळ्यात गुंतलेलं एक मोठं कासव आम्हाला दिसलं. दोरा त्याच्या मानेत हाडापर्यंत रुतला होता. मी जाळं धरून ठेवलं आणि वहिनीने सुरीने एकेक दोरा कापला. सुटता सुटता त्याने वल्ह्यासारखा पाय तिच्या गालावर मारला. गाल आठवडाभर काळानिळा होता. "आभार मानले त्याने, जरा जोरात," असं ती सगळ्यांना सांगायची. त्या दिवशी पाहुण्यांनी माझा दांडा हातात घेऊन फोटो काढले. मीसुद्धा थोडी फुगले होते.

नावाचा घोटाळा तेव्हाही व्हायचा, पण तो गमतीचा होता. वहिनी पाण्यातून ओरडायची, "अहो, आकडी, आकडी!" आणि एखादी म्हातारी पाहुणी पाण्याची बाटली घेऊन धावायची, "कोणाला आली गं बाई, कोणाला आली?" सगळी बोट हसायची. त्या वेळी कोणीतरी माझं नाव बदलायला हवं होतं. पण घोटाळ्यावर हसू येत असेपर्यंत तो कोणी मिटवत नाही.

आता भांडणाचं सांगते. धक्क्यावर आणखी एक बोट होती. ती वहिनीच्या थोरल्या बहिणीच्या नवऱ्याची. वहिनी त्याला दाजी म्हणायची, म्हणून सगळेच दाजी म्हणू लागले. कप्तान आणि दाजी म्हणजे साडू-साडू. एका घरचे जावई आणि एकाच धंद्यात, मग काय विचारता! डॉल्फिन दिसले की दोघेही इंजिन ओरडवत त्यांच्यावर बोटी घालायचे. बिचारे डॉल्फिन बुडी मारून निघून जायचे आणि हे दोघे एकमेकांना शिव्या देत राहायचे.

खरी मारामारी तिसऱ्या बेटाची होती. तिथे पाण्याखाली प्रवाळ होतं. त्यावर लोखंडी नांगर टाकायची बंदी असल्यामुळे बोट बांधायला एक लाल पिंप तरंगत ठेवलं होतं. पिंप एकच आणि साडू दोन.

एके दिवशी दाजीने आधी पोहोचून पिंपाला दोरी बांधली आणि बोट अशी आडवी लावली की दुसऱ्याला जवळ येता येऊ नये.

"पिंप काय तुझ्या बापाचं आहे?" कप्तान ओरडला.

"बापाचं नाही, सासऱ्याचं आहे. सासरा आपला एकच, तेव्हा अर्धं तुझं. ये, अर्ध्याला बांध!"

पाहुणे हसले. ते हसणं कप्तानाला झोंबलं. त्याने बोट जवळ नेली आणि माझ्या आकड्याने दाजीची दोरी ओढायला सुरुवात केली. दाजीने माझा दांडा धरला. एक झटका, दुसरा झटका, आणि कप्तानाने मला सोडवून घेतलं आणि डोक्यावरून फिरवून दाजीच्या हातावर हाणलं. हाड मोडल्याचा आवाज आला. वाळकी काटकी मोडावी तसा, पण ओला. दाजी गुडघ्यावर बसला. कप्तानाने मला पुन्हा उचललं होतं. वहिनी पाण्यातून वर चढली, दोघांच्या मध्ये उभी राहिली, तेव्हा तो थांबला.

त्या संध्याकाळी ती दवाखान्यात गेली. मला तिने बरोबर घेतलं होतं, कारण बोटीवर नवऱ्याच्या हाताशी ठेवायची तिची छाती झाली नाही. हाताला प्लास्टर घालून दाजी बाकावर बसला होता. शेजारी ताई, म्हणजे वहिनीची बहीण, पदराने डोळे पुसत होती. दाजीची नजर माझ्यावर गेली.

"त्याला सांग," तो वहिनीला म्हणाला, "पुन्हा त्याच्या हातात ही आकडी वर गेलेली दिसली, तर मी मार खायला थांबणार नाही. जे होईल ते होईल."

"दाजी, ते रागाच्या भरात…"

"राग मलाही आहे."

घरी येऊन वहिनीने मला स्वयंपाकघराच्या दारामागे उभं केलं. कप्तान ताटावर बसला होता. ती वाढेना. "आज हात मोडला. उद्या डोकं फुटेल. तुमच्यातल्या एकाला जाळायला नेतील आणि एकाला जेलात नेतील. मग आम्ही बहिणींनी कोणाच्या दारात बसून रडायचं? माझ्या, की तिच्या?"

कप्तानाने ताट पुढे सरकवलं. मग म्हणाला, "वाढ तर. चुकलं माझं."

"मला सांगून काय उपयोग? दाजीला सांगा."

"सांगीन."

पण त्याने सांगितलं नाही. आज सांगू, उद्या सांगू, म्हणत राहिला. रस्त्यात दाजी दिसला की तो पलीकडच्या बाजूने जायचा. माफी मागायला दोन शब्द लागतात, आणि तेवढ्यासाठी तो दोन गल्ल्या वळसा घालायचा.

हात बरा होऊन दाजी पुन्हा बोट काढू लागला. एव्हाना मीही दारामागून बोटीवर परतले होते. आणि तो दिवस आला.

दुपारची वेळ होती. पिंप आम्हाला मिळालं होतं. दाजीची बोट थोड्या अंतरावर तरंगत होती. त्याचे पाहुणे मासे बघून वर चढले होते आणि निघायचं म्हणून त्याने इंजिन सुरू केलं होतं. आमचे निम्मे पाहुणे मात्र अजून पाण्यात होते. त्यांत एक उंच, शांत तरुण होता. त्याची बहीण बोटीवर बसली होती. त्याला आकडीचा आजार होता, पण बरीच वर्षं त्रास नव्हता म्हणून दोघांनीही ते कोणाला सांगितलं नव्हतं.

अचानक त्याचं अंग ताठ झालं. मग हातपाय झाडू लागले. तोंडातली नळी सुटली. वहिनी दोन हातांत त्याच्याजवळ पोहोचली आणि त्याचं तोंड पाण्याबाहेर धरलं. त्याचा कोपर तिच्या नाकावर बसला. रक्त आलं. त्याच्या बोटांनी तिचे केस पकडले आणि ती सुटेनात. तो बेशुद्ध होता हो, त्याचा काय दोष? ती खाली जायची, वर यायची, खोकायची, पण त्याचं डोकं तिने सोडलं नाही. हिसका देता देता दोघंही दोन बोटींच्या मध्ये आले.

बोटीवरची बहीण किंचाळली, "आकडी! आकडी आली! आकडी आली!"

तिने आजाराचं नाव घेतलं होतं.

कप्तानाला वाटलं, ती मला मागते आहे. त्याने मला उचललं आणि पाहुण्यांच्या डोक्यांवरून उंच धरून तो बोटीच्या कडेने धावत सुटला. दाजीच्या बाजूच्या कडेने.

दाजीने ऐकलं, आकडी आली. वर बघितलं. साडू मला उगारून त्याच्याकडेच धावत येत होता.

कप्तान वाकला. वहिनीने हात वर करून माझं लोखंड मुठीत धरलं. तिचा तळहात फाटला. तिने मला त्या तरुणाच्या जाकिटाच्या पट्ट्यात अडकवलं आणि ओरडली, "आधी याला ओढा!" कप्तानाने ओढलं. तिने त्याच्या मुठीतून केस सोडवले आणि खालून लोटलं. त्याच क्षणी दाजीने बोट जोरात मागे घेतली. त्याला पळायचं होतं, असं तो नंतर म्हणाला. पाण्यात कोण आहे ते त्याने पाहिलं नव्हतं. तो माझ्याकडे बघत होता.

बोटीखालचा पंखा मागे आला. पाणी पांढरं झालं आणि मग लाल झालं.

मित्रांनो, तिचा आवाज आला नाही. इंजिनाचा आवाज तेवढा बदलला. कप्तानाने मला पाहुण्यांच्या हातांत टाकलं आणि उडी मारली. दाजीने इंजिन बंद करून दुसऱ्या बाजूने उडी मारली. दोघांनी मिळून तिला वर घेतलं. एकाने खांदे धरले आणि एकाने कंबर. मांडीला दोघांचे शर्ट गुंडाळले. दोन्ही लगेच भिजले. धक्का दिसायच्या आत ती गेली. तो तरुण वाचला. शुद्धीवर आल्यावर त्याने विचारलं, "मला बाहेर कोणी काढलं?" त्याच्या बहिणीने वहिनीकडे बोट दाखवलं.

धक्क्यावर गर्दी जमली. कप्तान बोटीवर परत गेला. मला घेऊन आला. दाजी जमिनीवर बसला होता. त्याने मान खाली घातली आणि म्हणाला, "मार."

कप्तानाने मला वर नेलं. किती वेळ वर धरलं, कोण जाणे. गर्दीतून कोणी पुढे आलं नाही. ताई आली. तिने माझा दांडा धरला नाही, नवऱ्याला झाकलं नाही. ती नुसती म्हणाली, "मारा. पण आधी माझ्या बहिणीला घरी नेऊ या. तिला पाण्यातून वर आल्यावर नेहमी थंडी वाजायची."

कप्तानाचा हात खाली आला. माफ केलं म्हणून नव्हे. त्याच्या हातात जोर उरला नव्हता.

त्यानंतर बोट वाळूवर पडून राहिली आणि मी घराबाहेर भिंतीला टेकून. माझ्या लोखंडावर गंज चढला, दांड्याला भेगा पडल्या. कोणी माझं नाव घेत नसे. घेतलंच तर "ते तिथलं" म्हणत. कप्तान रोज माझ्या शेजारून ये-जा करायचा आणि एकदाही बघायचा नाही. आत तो एकटाच जेवायचा. ताटाचा आवाज एकदाच व्हायचा.

मग एका सकाळी दाजी आला. ताई बरोबर होती. दाजी माझ्यापाशी थबकला, हाताच्या मोडक्या जागेवरून दुसरा हात फिरवला आणि दार वाजवलं. कप्तानाने दार उघडलं. कोणी कोणाला "ये" म्हटलं नाही. दोघं आत गेली आणि दार लागलं.

मग भांडण सुरू झालं. तसलं भांडण मी जन्मात ऐकलं नाही. "तू बोट मागे घेतलीस!" "तू आकडी उगारलीस!" "तू बघितलं का नाहीस?" "तू माफी का मागितली नाहीस? एक शब्द बोलला असतास, तर मी घाबरलो असतो का?" काहीतरी आपटलं. काच फुटली. ताई म्हणाली, "फोडा, सगळं फोडा, पण बोला." मग कोणाचा तरी हुंदका फुटला. आवाजावरून कळेना, कप्तान की दाजी. रडताना साडू-साडू सारखेच रडतात.

दुपार झाली तरी दार उघडलं नव्हतं. आवाज चढत होते, उतरत होते, पुन्हा चढत होते. मला न्यायला मात्र कोणी बाहेर आलं नाही.

मित्रांनो, मी लोखंडाची आहे. मला जे शिकवाल ते मी करते. दोरी धरायला सांगा, धरीन. हाड मोडायला सांगा, मोडीन. पण एकदा हाड मोडलं, की पुढे जीव वाचवायला धावले तरी समोरच्याला मी मारायलाच आलेली दिसते. म्हणून पाण्यात माणूस असताना इंजिन सुरू करू नका. आजार असेल तर उतरण्याआधी सांगा. आणि भांडू नका, असं मी म्हणणार नाही, कारण माणसं भांडणारच. पण भांडताना हात रिकामे ठेवा. हातात काही असेल, तर ते दाराबाहेर ठेवून आत जा, आणि दार लावून घ्या.

मला बाहेर ठेवलंत म्हणून मला वाईट वाटणार नाही.