साहेबांचं चौथं वाक्य

"साहेब, त्या बाई काय म्हणाल्या?"

भर कार्यालयात मी हे विचारलं आणि सगळ्यांचे चहाचे कप अर्ध्यावर थांबले. विचारून दाखव, असं मैत्रिणींनी आव्हान दिलं होतं, आणि हल्ली आव्हान मिळालं की मला राहवत नाही.

झालं असं. नदीपलीकडे कारखाने आले, त्यांच्यामागून माणसं आली, आणि बघता बघता आमच्या मतदारसंघातले निम्मे मतदार वेगळी भाषा बोलणारे झाले. वर्गातली निम्मी बाकंही त्यांचीच. माझी जिवलग मैत्रीण तिकडचीच. दोन बोटं तोंडात घालून अशी शिट्टी मारते की तिचं नावच शिट्टी पडलंय. तिच्या संगतीत मला त्यांची भाषा घडाघडा यायला लागली. आई आमदारसाहेबांचं कार्यालय सांभाळते. मग काय, निवडणूक जवळ येताच साहेबांना तीन वाक्यं पढवायचं काम माझ्याच गळ्यात पडलं. 'कसे आहात?' 'तुमची काही अडचण?' 'ऐकून फार आनंद झाला.'

काल साहेब वस्तीत गेले, मीही बरोबर होते. शिट्टीच्या आईला त्यांनी विचारलं, "तुमची काही अडचण?" उच्चार एकदम झकास! ती बिचारी हरखली. कडेवरच्या तापलेल्या बाळाला सावरत भडाभडा बोलत सुटली. सरकारी दवाखाना चारला बंद, आमची शिफ्ट सुटते सहाला, बाळाला दाखवायचं कधी? रजा घेतली की पगार कापतात! खरंच आहे तिचं. ती वेळ निवृत्त मंडळींच्या सोयीने ठरली होती, कारखान्यांआधी तिकडे तीच मंडळी राहायची. आता सगळे कामगार आहेत, आणि वेळ आपली तीच!

साहेबांनी हात जोडले. "ऐकून फार आनंद झाला."

असं वाटलं, धरणीने पोटात घ्यावं. वाक्य मी शिकवलेलं ना!

म्हणून आज तो प्रश्न. साहेब गालात हसले. "आशीर्वाद दिला असेल गं!" मग सगळेच हसले.

मी एका दमात सगळं सांगून टाकलं. वेळ राज्य सरकार ठरवतं, तुम्ही विधानसभेत बोललात तर होईल, हेही सांगितलं. आईने डोळे वटारले. साहेब मात्र खूश! "ताई, पोरगी तयार आहे हं तुमची. हिच्याकडून चौथं वाक्य घ्या लिहून. 'बघतो, करतो.' उद्याच्या सभेत कामाला येईल."

कपाळ माझं!

घरी पाऊल टाकताच आई सुरू झाली. "कार्टे, साहेबांशी असं बोलतात?"

"मग शिट्टीच्या तान्ह्या भावाला काय सांगू? चारच्या आत आजारी पड?"

बाबांचा लाउडस्पीकर भाड्याने द्यायचा धंदा आहे, उद्याची सभाही त्यांच्याकडेच. ते कोपऱ्यात वायर गुंडाळत होते, त्यांना फिस्सकन हसू आलं. आईने नुसतं बघितलं. हसू बंद.

"ते वाक्य लिही आणि विषय संपव," आई म्हणाली.

"नाही लिहिणार. आणि आता दोघंही ऐका. बाबा, उद्या स्टेजवर दोन माइक लावा. एक साहेबांना, एक मला. साहेब विचारतील ते मी वस्तीच्या भाषेत सांगणार, आणि खालून जे उत्तर येईल ते साहेबांना कळेल अशा भाषेत, सगळ्यांसमोर. शिट्टीची आई पहिल्या रांगेत बसणार आहे. आई, हे साहेबांना तू आधी सांगितलंस तर बरं, नाहीतर माइकवरून मीच सांगणार."