पोथ्या जीपमध्ये

जवाचे कोंब वर आले की आमच्या गावात गोन्पातल्या, म्हणजे मठातल्या, पोथ्या शेतांभोवती फिरतात. घरटी एक पोथी, पाठीवर बांधून, उजवा खांदा शेताकडे. आजेसासूनं वाहिली, सासूनं वाहिली, बेचाळीस वर्षं मी वाहतेय. पोथी ज्या शेताला वळसा घालत नाही, त्यावर गारा पडतात. हसायचं त्यानं हसावं, पण मग माझ्या दारी पीठ मागायला येऊ नये.

यंदा गोन्पाच्या अंगणात जाऊन बघते, तर पोथ्या जीपमध्ये! बटाट्याच्या पोत्यांसारख्या एकीवर एक.

"हे काय, लामाजी?"

थुकजे लामांनी नजर जमिनीला लावली. सगळ्या गावासारखं तेही मला आजीच म्हणतात. "आबी-ले, वाट बंद झालीय ना. रस्त्यानं फिरवू म्हणतात."

वाट बंद केली कुणी? माझ्याच दिराच्या मुलानं, नामग्यालनं. ऐन वाटेवर गेस्ट हाऊस ठोकलं. त्याला काचेची खोली, पाहुण्यांनी आमचे डोंगर बघत अंडी खावीत म्हणून.

तो जीपला टेकून उभा होता. "आबी-ले, तुमच्या गुडघ्यांचाच विचार केला. अर्ध्या तासात काम फत्ते."

"माझे गुडघे आज आठवले होय रे? कापणीला कधी आठवले नाहीत ते. आणि माझं वरचं शेत? रस्ता त्याच्या खालून जातो."

"एक शेत राहिलं तर काय बिघडलं?"

"आणि त्या वळणावरून जीप डावीकडूनच उतरणार. पोथ्या उलट्या फिरवतोस? बापाच्या चितेलाही उलटाच फिरला होतास का?"

अंगणात बाकीच्या घरांची माणसं जमली होती. एवढी माणसं, पण एकानंही पोथी खाली उतरवली नाही! मी आमच्या घरची पोथी ओढून काढली, पाठीला बांधली आणि जुन्या वाटेनं निघाले. मागे वळून पाहिलं नाही. वळून पाहणाऱ्याच्या मागे कोणी येत नसतं.

नामग्याल धावत पुढे गेला आणि काचेच्या खोलीच्या दारात हात पसरून उभा राहिला. "आत पाहुणे खातायत! गालिचा नवा आहे. बाहेरून जा."

"बाहेर कडा आहे. मी काय गिधाड आहे उडायला?"

मी तशीच पुढे गेले, त्याच्यासमोर कमरेत वाकले. पोथी त्याच्या नाकासमोर आली. आता आमच्यात पोथी समोर आली की चोरसुद्धा डोकं खाली घालतो. रांगत होता तेव्हापासूनची सवय ती. त्याचे हात आपोआप जुळले, मान झुकली, दार मोकळं झालं. पोथीची लाकडी फळी त्याच्या टाळूला जरा जोरातच लागली. आशीर्वादच तो.

गालिच्यावर चिखल उमटवत मी पलीकडच्या दारानं बाहेर पडले, तेव्हा मागे पावलं वाजली. थुकजे लामा होते. त्यांच्यामागे अकरा घरांच्या अकरा पोथ्या. वरच्या शेताला उजवा वळसा पडला.

संध्याकाळी नामग्याल तोंड पाडून आला. "गालिचा कोण धुणार?"

"तू," म्हटलं. "आणि पुढच्या वर्षी आधीच गुंडाळून ठेव. दोन्ही दारं उघडी ठेवायची. आम्ही दरवर्षी येणार."